मिरची आणि गावकूस

सातारा-सांगलीकडे आमचे मिरचीवाचून पान हलत नाही. परंतु ती मूळची अमेरिकेची, पोर्तुगीजांबरोबर इकडे आली. त्या परकीस आम्ही माजघरात घेतले. गावकुसाबाहेर हळद-तिखटात परतले जाणारे गोमांस व ते खाणारे मात्र बाहेरच ठेविले. १९०० साली साताऱ्याच्या शाळेत दाखल झालेल्या आंबेडकरांनी १९२७ साली महाडास मृत जनावरांचे मांस सोडण्यास सांगितले, ते दास्याची खूण पुसावी म्हणून. २०१५ साली महाराष्ट्रात बैलांच्या कत्तलीसही बंदी झाली. त्याच वर्षी शाहू पाटोळे यांनी ‘अन्न हे अपूर्णब्रह्म’ लिहून मराठवाड्यातील ही पाकविद्या, वाळविलेल्या मांसाच्या चान्यांसह, नोंदविली. आमच्या कृष्णाकाठची तशी नोंद त्या चुली विझण्यापूर्वीच व्हावयास हवी.