गोऱ्ह्यांचे फुले झाले, त्याची गोष्ट

मंडळी, राजघराण्यांच्या बखरी पुष्कळ आहेत. पण इथे भाईंदरच्या मिठागरांत पिढ्यान् पिढ्या राबलेल्या कुटुंबांची बखर कुणी लिहिली? म्हणून आज रयतेतल्या दोन घराण्यांबद्दल बोलू. एक रोमचं, एक आपलं.

रोममध्ये सामान्य रयतेला 'प्लेब' म्हणत आणि उच्चकुलीनांना 'पॅट्रिशियन'. कॉन्सल हे राज्यातलं सर्वोच्च पद पॅट्रिशियनांच्या हाती होतं. लिसिनियस स्टोलो हा प्लेब घराण्यातला. इ.स.पू. ३६७ मध्ये त्याने आणि त्याचा सोबती सेक्स्टियस याने कायदे मंजूर करून घेतले: दोन कॉन्सलांपैकी एक प्लेब असावा, आणि ५०० युगेरांपेक्षा, म्हणजे साधारण ३१० एकरांपेक्षा जास्त सार्वजनिक जमीन कुणी बाळगू नये. केवढा मोठा विजय!

पुढची हकीकत लिव्ही हा रोमन इतिहासकार सांगतो. दहाच वर्षांनी याच लिसिनियसला दंड झाला. मुलाला कागदोपत्री कुटुंबातून वेगळा काढून दोघांच्या नावे त्याने १००० युगेरे जमीन ठेवली होती. कायदा त्याचाच, मोडणाराही तोच. वर चढलेली अशी श्रीमंत प्लेब घराणी पुढे जुन्या सरदारांत मिसळली आणि नवे उमराव झाली. कर्जात बुडालेला गरीब प्लेब मात्र बराचसा होता तिथेच राहिला.

आता आपल्याकडे या. सातारा जिल्ह्यातलं कटगुण गाव, तिथलं गोऱ्हे हे माळी कुटुंब. चरित्रकार सांगतात की गावच्या कुलकर्ण्याशी वैर झालं आणि कुटुंबाला गाव सोडावं लागलं. ते पुरंदर तालुक्यात खानवडीला आले. तिथून शेटिबा गोऱ्हे पुण्यात आले. त्यांची तीन मुलं, राणोजी, कृष्णा आणि गोविंद, फुलांच्या धंद्यात शिरली. पेशव्यांकडे फुलं पुरवू लागली, ३५ एकर जमीन इनाम मिळाली आणि धंद्यावरून आडनाव पडलं, फुले.

पण इनाम आलं की भांडण आलंच. थोरल्या राणोजींनी ती जमीन एकट्याकडेच ठेवली. गोविंदरावांच्या वाट्याला उरलं ते दुकान आणि कष्ट. म्हणजे बघा, लिसिनियसचा मोह आपल्याकडेही होताच!

गोविंदरावांचे चिरंजीव जोतीराव, जन्म १८२७. त्यांनी १८४८ मध्ये भिडे वाड्यात मुलींची शाळा काढली. समाजाच्या दडपणाखाली वडिलांनीच त्यांना १८४९ मध्ये घराबाहेर पडायला सांगितलं. सावित्रीबाईही त्यांच्याबरोबर निघाल्या. पुढे जोतीरावांनी बांधकामाची कंत्राटं घेतली, पैसा मिळवला. १८७६ ला ते पुणे नगरपालिकेचे सदस्य झाले. घराणं वर आलं होतं. आता दार लावून घ्यायची वेळ, नाही का?

त्यांनी उलट केलं. पुण्यातल्या आपल्या घरचा पाण्याचा हौद त्यांनी १८६८ मध्येच अस्पृश्यांना खुला केला होता. १८७३ मध्ये सत्यशोधक समाज स्थापन केला.

रयतेतलं घराणं वर चढलं, एवढ्याने इतिहास पुरा होत नाही. वर गेल्यावर त्याने मागच्यांसाठी काय केलं, ते विचारायचं. लिसिनियसने मुलाच्या नावावर जमीन लपवली. जोतीरावांनी घरचं पाणी मोकळं केलं. आपापल्या घराण्याच्या गोष्टीलाही, मंडळी, हाच प्रश्न विचारून बघा.