तूर्य
तूर्य : एक प्राचीन वाद्यवाचक संज्ञा. संस्कृतात तिचा अर्थ कोणतेही वाद्य वा वाद्यमेळ असा व्यापक असून पालीतील ‘पंचांगिक तुरिय’ या प्रयोगात चर्मवाद्ये व घनवाद्येही येतात. कौटिलीय अर्थशास्त्रातील राजा तूर्यघोषाने निजतो व त्यानेच जागा होतो. तेथे केवळ तुतारी अभिप्रेत मानणे योग्य नव्हे. मराठीत हा अर्थ प्रायः सुषिर वाद्यापुरता संकोचला. व्यवहारात मात्र तुतारी वा शिंग हेच शब्द रूढ आहेत. केशवसुतांच्या १८९३ मधील कवितेने तुतारी सामाजिक जागृतीचे प्रतीक ठरली. बाकदार देशी तुतारी व पाश्चात्त्य ट्रम्पेट ही भिन्न वाद्ये होत; तथापि २०२४ च्या लोकसभा निवडणुकीत ‘तुतारी वाजवणारा माणूस’ या पक्षचिन्हाबरोबरच ट्रम्पेटच्या चिन्हासही मराठीत ‘तुतारी’ म्हटले गेल्याने वाद उद्‌भवला.