बोटीतून आलेली माणसं आणि कॅनडाचा निर्णय

वर्गात निर्वासितांचा विषय निघाला की एक प्रश्न हमखास येतो, "सर, परक्या माणसांची जबाबदारी कोण घेणार?" या प्रश्नाचं एक उत्तर कॅनडाच्या इतिहासात आहे. ते आपल्या मुलांना माहीत असायला हवं.

एप्रिल १९७५ मध्ये सायगॉनचा पाडाव झाला आणि व्हिएतनामचं युद्ध संपलं. नव्या राजवटीच्या भीतीने लाखो लोकांनी पुढच्या वर्षांत देश सोडला. अनेकजण मोडक्या होड्यांतून समुद्रात उतरले. वादळ, तहान आणि समुद्री चाचे यांनी कित्येकांचे जीव घेतले. शेजारच्या देशांतल्या छावण्या भरून गेल्या होत्या. १९७८ मध्ये सुमारे अडीच हजार माणसं असलेल्या 'हाय हाँग' जहाजाला मलेशियाने किनाऱ्याला लागू दिलं नाही. त्यातल्या सुमारे सहाशे जणांना कॅनडाने आपल्याकडे नेलं.

जुलै १९७९ मध्ये पंतप्रधान जो क्लार्क यांच्या सरकारने ५०,००० निर्वासित घेण्याची घोषणा केली. परराष्ट्रमंत्री फ्लोरा मॅकडोनाल्ड आणि इमिग्रेशनमंत्री रॉन अ‍ॅटकी यांचा यात मोठा वाटा होता. १९३९ मध्ये याच कॅनडाने 'सेंट लुईस' जहाजावरच्या नऊशेहून अधिक ज्यू निर्वासितांना आसरा नाकारला होता. तीच चूक पुन्हा होऊ नये, याचं भान अ‍ॅटकींना होतं.

पण सरकारी घोषणेने कुणाच्या घरात चूल पेटत नाही. इथे १९७६ चा कायदा कामी आला. पाच किंवा अधिक नागरिकांनी एकत्र येऊन, किंवा एखाद्या चर्चने वा संस्थेने, एका कुटुंबाचा वर्षभराचा भार उचलायचा: घरभाडं, किराणा, गरम कपडे, मुलांची शाळा, भाषा. लोक जेवढे निर्वासित घेतील, तेवढेच सरकारही घेईल, असं ठरलं. विरोध करणारेही कमी नव्हते. तरीही १९८० च्या अखेरीपर्यंत सुमारे ६०,००० लोक आले आणि त्यांतल्या निम्म्याहून अधिक लोकांची जबाबदारी सामान्य नागरिकांनी घेतली होती.

१९८६ मध्ये निर्वासितांच्या सेवेसाठीचा संयुक्त राष्ट्रांचा नानसेन पुरस्कार 'कॅनडाच्या जनतेला' मिळाला. पुढे २०१५-१६ मध्ये सीरियातून आलेली अनेक कुटुंबं याच पद्धतीने तिथे स्थिरावली.

म्हणून वर्गात आम्ही सांगतो: जबाबदारी कुणा एकाने घ्यायची नसते, पाच घरांनी वाटून घेतली तरी एक कुटुंब उभं राहतं.