निवेदन नसलेल्या फिल्मचा लेखक कोण?

क्षेत्रकार्याला निघण्याआधी तुम्ही एक फिल्म बघावी असं मला वाटतं: फ्रेडरिक वाइजमन यांची ‘टिटिकट फॉलीज’ (१९६७). ८४ मिनिटांची, कृष्णधवल. पाहताना त्रास होतो, हे आधीच सांगून ठेवते.

वाइजमन आधी बॉस्टनमध्ये कायदा शिकवायचे. विद्यार्थ्यांना घेऊन ते ब्रिजवॉटरला जात. मॅसॅच्युसेट्स राज्याचं हे मनोरुग्णालय म्हणजे जवळपास तुरुंगच. १९६६ मध्ये त्यांनी तिथेच चित्रीकरण केलं. कॅमेरा जॉन मार्शल यांच्याकडे, ध्वनिमुद्रण स्वतःकडे. खांद्यावर घेता येणारा १६ मिमी कॅमेरा आणि सोबत वागवता येणारं ध्वनियंत्र त्या काळात नुकतंच हाताशी आलं होतं. त्यामुळे दोघातिघांना कुठल्याही खोलीच्या कोपऱ्यात उभं राहून काम करता येऊ लागलं. निवेदन नाही, मुलाखती नाहीत, वरून चढवलेलं संगीत नाही. पुढे शाळा, कल्याण कार्यालय, ग्रंथालय, सगळीकडे त्यांची हीच रीत राहिली.

मग आपण पटकन म्हणतो, “जसं घडलं तसं दाखवलंय.” जरा थांबा. एक प्रसंग बघा. जेवण नाकारणाऱ्या रुग्णाच्या नाकात नळी घालून डॉक्टर त्याला भरवतायत. डॉक्टरांच्या ओठात सिगारेट, तिची लांबलेली राख नेमकी नरसाळ्याच्या वर. मध्येच काही क्षण दुसरं दृश्य: त्याच माणसाच्या मृतदेहाची दाढी केली जातेय. पुन्हा नळी. पुन्हा मृतदेह. जिवंतपणी न मिळालेली निगा याला मेल्यावर मिळाली, असं फिल्ममध्ये कुणीही बोलत नाही. तुमच्या मनात मात्र ते वाक्य उमटतंच. ते कॅमेऱ्यात सापडलेलं नाही, संपादनाच्या टेबलावर तयार झालंय. ही जोडणी जरा जास्तच भडक झाली, असं नंतर खुद्द वाइजमन यांनाही वाटलं.

राज्याने रुग्णांच्या खासगीपणाचं कारण देऊन कोर्ट गाठलं. बरीच वर्षं ती फक्त डॉक्टर, वकील, समाजकार्यातली माणसं आणि त्या विषयांचे विद्यार्थी यांनाच दाखवता येत होती. सर्वांसाठी खुली झाली थेट १९९१ मध्ये. सरकार स्वतःची अब्रू झाकत होतं, असंच माझं मत. पण म्हणून संमतीचा प्रश्न खोटा ठरत नाही. आपण कुठे आहोत हेच ज्याला उमगत नाही, त्याने दिलेल्या होकाराचं काय करायचं?

आता माझंच सांगते. एका सरकारी दवाखान्याच्या ओपीडीवरच्या प्रकरणात मी दोन वाक्यं शेजारी ठेवली होती: ‘डॉक्टर चहाला गेले. आजी रांगेत उभ्याच.’ वाचायला झकास! गाइडनी समासात एवढंच लिहिलं: “वेळ?” टिपणवही काढली. चहा सव्वादहाचा, आजी पावणेबाराच्या. मधल्या दीड तासात डॉक्टरांनी किती पेशंट तपासले, ते मी लिहिलेलंच नव्हतं.