सलाबतखान (दुसरा)

सलाबतखान (मृत्यू: इ.स. १५८९) हा अहमदनगरच्या निजामशाहीतील एक सरदार व मुर्तजा निजामशहा (पहिला) याचा मुख्य कारभारी होता. अहमदनगर (अहिल्यानगर) शहराच्या पूर्वेस डोंगरावर दिसणारी आणि 'चांदबीबीचा महाल' म्हणून ओळखली जाणारी वास्तू वस्तुतः त्याची कबर आहे.

पार्श्वभूमी

मुर्तजा निजामशहा इ.स. १५६५ मध्ये गादीवर आला. इ.स. १५७४ मध्ये त्याने वऱ्हाडची इमादशाही जिंकून घेतली. परंतु पुढे तो एकांतात राहू लागला. राज्यकारभार मर्जीतल्या माणसांच्या हाती गेला व दरबारात तट पडले. शहाचा लाडका साहिबखान मारला गेल्यानंतर सलाबतखानाचे महत्त्व वाढले. इ.स. १५८० नंतरच्या काळात राज्याची सर्व सूत्रे त्याच्याकडे होती.

कारभार

त्या काळी अहमदनगरच्या सेवेत असलेला इतिहासकार फेरिश्ता याने सलाबतखानाच्या न्यायी कारभाराची व त्याच्या काळातील सुरक्षित रस्त्यांची प्रशंसा केली आहे. नगरजवळचा भातवडीचा तलाव त्यानेच बांधविला. याच तलावाचे पाणी सोडून मलिक अंबरने इ.स. १६२४ च्या भातवडीच्या लढाईत मोगल व आदिलशाही फौजांची कोंडी केली. इंग्रजी अमदानीत या तलावाची दुरुस्ती होऊन तो पुन्हा सिंचनासाठी उपयोगात आला.

वऱ्हाडचा सुभेदार सय्यद मुर्तजा हा सलाबतखानाचा प्रतिस्पर्धी होता. तो फौजेनिशी अहमदनगरवर चालून आला असता सलाबतखानाने त्याचा पराभव केला. सय्यद मुर्तजाने अकबराचा आश्रय घेतला. दरबारातील या वैरामुळे दक्षिणेच्या राजकारणात मोगलांचा शिरकाव सुकर झाला.

पदच्युती

मुर्तजाच्या अखेरच्या काळात फत्तेशाह नावाच्या नर्तकीचे दरबारात वजन वाढले. शहाने तिला खजिन्यातील मौल्यवान रत्ने देऊ केली असता सलाबतखानाने ती देण्याचे टाळले, असे फेरिश्ता लिहितो. शहाची नाराजी वाढत गेली. अखेर शहाने दंडाराजपुरीच्या किल्ल्याचे नाव घेताच सलाबतखान स्वतःहून कैद पत्करून निघाला. सैन्य व सत्ता हाती असूनही त्याने बंड केले नाही. त्याच्यानंतर कारभाराची घडी विस्कटली. इ.स. १५८८ मध्ये मुर्तजाची त्याचाच मुलगा मीरान हुसेन याने हत्या केली. पुढच्याच वर्षी मीरान हुसेनही मारला गेला व महदवी पंथाचा जमालखान सर्वेसर्वा झाला.

अखेर

कैदेतून सुटलेल्या सलाबतखानाने वऱ्हाडची फौज घेऊन जमालखानाविरुद्ध चाल केली. परंतु पैठणजवळ त्याचा पराभव झाला. वार्धक्याने थकलेल्या सलाबतखानाने राजकारणातून निवृत्त होऊन निजामशाही मुलुखात राहण्याची परवानगी मागितली व ती त्याला मिळाली. त्याच वर्षी त्याचे निधन झाले.

कबर

सलाबतखानाने ही कबर आपल्या हयातीतच बांधून घेतली होती. मेहेकरी गावाजवळील डोंगरावरची ही अष्टकोनी, तीन मजली दगडी इमारत कमानींच्या सज्जांनी वेढलेली असून तिच्या तळघरात थडगी आहेत. अहमदनगरच्या किल्ल्याचे रक्षण करणारी चांदबीबी लोकस्मृतीत राहिली. त्यामुळे वास्तूला तिचे नाव चिकटले व सलाबतखानाचे नाव मागे पडले. ही कबर भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षण विभागाच्या संरक्षित स्मारकांपैकी एक आहे.