कळमनुरीचा 'ळ'

हिंगोली जिल्ह्यातील कळमनुरीचे नाव उत्तरेकडील मंडळी लिहितात तेव्हा 'ळ'चा पुष्कळदा 'ल' होतो. त्याचा आम्ही विषाद मानीत नाही. ज्यास जे अक्षर लागत नाही त्यास त्याची निकडही भासत नाही. परंतु ज्यास निकड आहे त्याच्या हाती ते अक्षर नीट करून घेण्याचे साधन असावे की नसावे? संगणकावरील मराठीचा इतिहास पुष्कळ अंशी याच एका प्रश्नाचा इतिहास होय.

खिळ्यांच्या काळी हा प्रश्न फारसा उद्भवत नसे. जावजी दादाजींच्या निर्णयसागरासाठी राणोजी रावजी आरू यांनी घडविलेले टाइप छापखानदाराने एकदा विकत घेतले की ते त्याचे झाले. संगणकाबरोबर ही सोय गेली. 1990 नंतरच्या दशकात पुष्कळ मराठी मजकूर अशा फाँटांत जुळविला गेला, की ज्यांत रोमन अक्षरांच्या घरांत देवनागरी आकार बसविलेले असत, आणि ही घरे प्रत्येक विक्रेत्याची निराळी. तो फाँट जवळ नसला की 'कळमनुरी'च्या जागी रोमन चिन्हांची निरर्थक रांग दिसे. आमच्या संग्रहातील त्या दिवसांचे काही लेख अद्याप याच अवस्थेत पडून आहेत. शब्द आमचे, किल्ली दुसऱ्याच्या खिशात!

अमेरिकेत रिचर्ड स्टॉलमन यांस असाच अनुभव एका छपाईयंत्रावरून आला. यंत्रात कागद अडकला तर सूचना मिळावी म्हणून त्यांनी आज्ञावलीत फेरफार करू पाहिला, तो तिचा मूळ मजकूरच कोणी देईना. 1983 साली त्यांनी ग्नू प्रकल्प जाहीर केला. आज्ञावली कोणीही वाचावी, बदलावी व दुसऱ्यास द्यावी, हे त्याचे तत्त्व. फुकटेपणाशी याचा संबंध जोडणाऱ्यांनी मर्म ओळखलेले नाही. 1991 साली लिनस टोरवाल्ड्स यांचे लिनक्स आले, आणि त्याच वर्षी युनिकोडाच्या पहिल्या आवृत्तीत देवनागरीस स्वतःची घरे मिळाली. त्यांची मांडणी आपल्याकडील इस्की प्रमाणावर बेतलेली होती.

तथापि घर मिळाले म्हणजे अक्षर नीट दिसतेच असे नाही. 'आचार्यांना' आणि 'आचाऱ्यांना' यांतील भेद न पाळला तर विद्वानांच्या पंगतीस स्वयंपाकी बसतात. 'ऱ्या'मधील ती आडवी रेघ मराठीच्या नित्याच्या व्यवहारातली. ती योग्य जागी उमटविण्यास अक्षरे जुळविणारी आज्ञावली लागते. बेहदाद एस्फहबोद या मूळच्या इराणी गृहस्थांनी वाढविलेली 'हार्फबझ' ही त्यांपैकी प्रमुख. फारसीत हर्फ म्हणजे अक्षर आणि बाझ म्हणजे उघडे. 1948 पर्यंत निजामी राज्यात असलेल्या कळमनुरीस यातले 'हर्फ' तरी परके वाटू नये.

जुळवणीस आकारही हवेत. ते रेड हॅट कंपनीने 2004 पासून प्रसृत केलेल्या 'लोहित' फाँटांनी पुरविले, आणि 2011 साली त्यांचा परवाना अधिक मोकळा करण्यात आला. मराठीच्या 'ल' व 'श'चे वळण हिंदीहून निराळे; ते निराळे ठेवण्याची सोय अशा फाँटांत करता येते, आणि चूक आढळली तर ज्यास ती खुपते त्यासच सुधारता येते. सुधारणारे मात्र थोडे. आपल्याकडील पुष्कळ सुशिक्षित अजून बिघाड दिसताच विक्रेत्याची वाट पाहतात.

हिंगोलीकडे हळदीचा व्यापार मोठा. कळमनुरीचा एखादा शेतकरी अँड्रॉइड फोनवर हळदीचा भाव पाहतो तेव्हा त्या फोनाच्या बुडाशी लिनक्स असते, आणि 'शेतकऱ्यांना' हा शब्द हार्फबझ जुळवून देते.