दौऱ्यावरची नायिका

मुख्य नट बरोबर घेऊनच आपल्या नाटक मंडळ्या गांवोगांव मुक्काम करीत. बालगंधर्वांवांचून गंधर्व नाटक मंडळीचा मुक्काम, ही कल्पनाच रसिकांस सहन झाली नसती! अमेरिकेंत रीत निराळी. न्यूयॉर्कच्या ब्रॉडवेवर एखादें संगीत नाटक गाजलें कीं मूळ संच तेथेंच खेळ करीत राही, आणि उरलेल्या देशासाठीं दुसरा संच उभा केला जाई. दुसरा म्हणजे दुय्यम, असा सर्वसाधारण समज; तो सर्वस्वी खोटाही नव्हता.

टेक्सास प्रांतांतील वेदरफर्ड येथें १९१३ सालीं जन्मलेल्या मेरी मार्टिन यांनीं या समजास धक्का दिला. १९३८ मध्यें कोल पोर्टरच्या एका गाण्यानें न्यूयॉर्कमध्यें त्यांचें नांव झालें होतें. 'ॲनी गेट युअर गन' हें अर्व्हिंग बर्लिनचें विनोदी संगीत नाटक १९४६ मध्यें ब्रॉडवेवर आलें, तेव्हां त्यांतील नेमबाज नायिका एथेल मर्मन यांनीं गाजविली. १९४७ च्या ऑक्टोबरांत तीच भूमिका घेऊन मार्टिनबाई दौऱ्यावर निघाल्या. दुसरीनें आधींच जिंकलेली भूमिका नामवंत नटीनें पत्करणें, यांत धाडस होतें. तुलना पावलोपावलीं ठरलेली. परंतु १९४८ मध्यें त्यांना खास टोनी पारितोषिक मिळालें तें याच कामासाठीं: मूळ नट न्यूयॉर्कमध्यें असतां त्यांनीं नाट्यकला उरलेल्या देशांत नेली म्हणून.

त्या नाटकाचे निर्माते रॉजर्स व हॅमरस्टाइन हे होते. त्यांनींच १९४९ मध्यें 'साउथ पॅसिफिक'मधील परिचारिका नेली मार्टिनबाईंना दिली. नायक एत्सिओ पिन्झा हा ऑपेराचा खर्ज गायक. त्याच्यापुढें आपला आवाज कसा टिकेल, ही बाईंची धास्ती रास्त होती. रॉजर्सनें दोघांचीं मनोगतें आळीपाळीनें गाण्यासाठीं रचून ती घालविली. एका प्रवेशांत नेली रंगभूमीवर खरोखरच केंस धूत गाते. आठवड्याचे खेळ आठ! त्यांतील कष्ट कोणत्याही गृहिणीस सांगावयास नकोत.

१९६५ मध्यें पुन्हां तोच प्रकार घडला. 'हॅलो, डॉली!' ही कॅरोल चॅनिंग यांनीं गाजविलेली नायिका घेऊन मार्टिनबाई अमेरिकेंत हिंडल्या, तोकियोस गेल्या, व्हिएतनाममध्यें सैनिकांपुढें गायल्या आणि वर्षअखेर लंडनच्या ड्रूरी लेन थिएटरांत उभ्या राहिल्या. उत्तम नट राजधानीपुरता नसतो, हें त्यांनीं असें वागून दाखविलें. त्यावर व्याख्यानें दिलीं नाहींत, हें विशेष.

त्यांचा अखेरचा मोठा दौरा १९८६ मध्यें सुरू झाला. नाटक 'लेजंड्स', संगीत नसलेलें. जोडीला त्याच कॅरोल चॅनिंग. बहात्तर वर्षांच्या मार्टिनबाईंना संवाद आठवेनात, तेव्हां कानांत लहानसें यंत्र बसवून त्यांना पडद्यामागून शब्द पुरविण्यांत येऊं लागले. प्रेक्षक मात्र येतच राहिले. जवळजवळ वर्षभर दौरा चालला. ब्रॉडवेवर तें नाटक पोहोंचलेंच नाहीं.